बिल मेल होईना: ‘कुड नॉट लोड एसएसएल लायब्ररी’, डीएलएल नेमकी कुठं टाकायची?

मोंढा_लातूर
आडत दुकानाच्या हिशोबाचं डेल्फी या प्रोग्रॅमिंग भाषेतलं जुनं सॉफ्टवेअर आहे. खरेदीदाराचं बिल त्यातूनच मेल होतं. ३२-बिट विंडोज ७ चं मशीन काढून ६४-बिट विंडोज १० घेतलं, प्रोग्रॅमचा फोल्डर जसाच्या तसा उचलून ठेवला. पट्टी, खाती, छपाई सगळं चालतंय, फक्त मेलचं बटण दाबलं की वरचा मेसेज येतो. नेट चालू आहे. जुन्या मशीनच्या सिस्टीम३२ मध्ये लिबईएवाय३२.डीएलएल आणि एसएसएलईएवाय३२.डीएलएल (प्रोग्रॅमला लागणाऱ्या जोड-फाईली) सापडल्या, त्या नव्याच्या सिस्टीम३२ मध्ये टाकल्या. फरक नाही. रेगएसव्हीआर३२ (फाईलीची विंडोजमध्ये नोंदणी करणारी कमांड) चालवलं तर ‘डीएलएलरजिस्टरसर्व्हर सापडलं नाही’ म्हणतंय. फाईली खराब आहेत का? सॉफ्टवेअर करून देणारे आता फोन उचलत नाहीत, आणि सोयाबीनची आवक सुरू व्हायच्या आत हे लावायचंय.

कळफलक_नांदेड
फाईली बऱ्या आहेत भाऊ, जागा चुकली. ६४-बिट विंडोजमध्ये नावांचा उलटा कारभार आहे: सिस्टीम३२ मध्ये ६४-बिट फाईली राहतात आणि सिसवॉव६४ मध्ये ३२-बिट. तुमचा ३२-बिट प्रोग्रॅम सिस्टीम३२ मध्ये शोधायला गेला की विंडोज त्याला गुपचूप सिसवॉव६४ कडे वळवतं. म्हणजे तुम्ही टाकलेल्या फाईली त्याला दिसल्याच नाहीत.

सिसवॉव६४ मध्येही टाकू नका. डीएलएलचा शोध आधी प्रोग्रॅमच्या स्वतःच्या फोल्डरात होतो, म्हणून दोन्ही फाईली त्या .ईएक्सईच्या शेजारीच ठेवा आणि सिस्टीम३२ मधल्या काढून टाका. विंडोजच्या फोल्डरात ठेवलं की तीच नावं वापरणारा दुसरा एखादा प्रोग्रॅम चुकीची आवृत्ती उचलतो. शिवाय मशीन बदललं की फाईल मागं राहते, तुमच्याकडं झालं तेच.

रेगएसव्हीआर३२ इथं लागतच नाही. ते कॉम आणि ओसीएक्स या नोंदणी लागणाऱ्या प्रकारच्या फाईलींसाठी. साध्या डीएलएलमध्ये नोंदणीचं फंक्शनच नसतं, म्हणून तो मेसेज.

शंका असेल तर प्रोसेस मॉनिटर (कुठला प्रोग्रॅम कुठली फाईल शोधतो ते दाखवणारं टूल) लावा. गाळणीत प्रोग्रॅमचं नाव आणि पाथमध्ये ‘ईएवाय३२’ द्या, मेलचं बटण दाबा. ‘नेम नॉट फाउंड’च्या ओळींत तो कुठंकुठं शोधून आला ते दिसतं. डिपेंडन्सी दाखवणाऱ्या टूलवर इथं विसंबू नका. डेल्फीतली मेल पाठवणारी इंडी लायब्ररी या फाईली प्रोग्रॅम चालू असताना, गरज पडली तेव्हा उचलते, त्यामुळं त्या यादीत येतच नाहीत.

बिटबाइट_परभणी
जागेबद्दल सहमत, पण नुसत्या जागेनं भागणार नाही. फाईलवर राइट क्लिक, प्रॉपर्टीज, डिटेल्स आणि आवृत्ती बघा. ०.९.८ किंवा १.०.० असेल तर तिला टीएलएस (एसएसएलचं नवं रूप, सर्व्हरशी गुप्तपणे बोलायची पद्धत) १.० च्या पुढचं येत नाही आणि बरेच मेल सर्व्हर आता ते घेत नाहीत. टीएलएस १.२ ओपनएसएसएलमध्ये (या दोन फाईली त्याच लायब्ररीच्या) २०१२ च्या १.०.१ पासून आलं. इंडीला जुन्या नावांच्या फाईली लागतात, म्हणून १.०.२ मालिकेतली शेवटची खुली आवृत्ती १.०.२यू (डिसेंबर २०१९) घ्या, ३२-बिट. दोन्ही फाईली एकाच बांधणीतल्या हव्यात. एक इथली, एक तिथली असं केलं की तोच मेसेज परत.

नव्या ओपनएसएसएलच्या लिबएसएसएल-३ फाईलचं नाव बदलून एसएसएलईएवाय३२ करायचा जुगाड सांगणारे भेटतील. चालत नाही. १.१.० पासून आतली काही फंक्शनंच काढली गेली, इंडीला ती मिळत नाहीत. आणि ‘फुकट डीएलएल’ वाटणाऱ्या साइटवरून काहीही उचलू नका. याच फाईलीतून मेलचा पासवर्ड जातो.

मोंढा_लातूर
१.०.२यू शेजारी ठेवल्या, लायब्ररीचा मेसेज गेला. आता ‘एरर कनेक्टिंग विथ एसएसएल’, पुढं १४०९४४२ई आणि ‘टीएलएसव्ही१ अलर्ट प्रोटोकॉल व्हर्जन’.

बिटबाइट_परभणी
म्हणजे डीएलएल आता बरोबर लागली. हा नकार सर्व्हरचा आहे. फाईलला १.२ येतं, पण प्रोग्रॅमच १.० मागतोय. इंडीच्या एसएसएल भागात मूळ सेटिंग फक्त टीएलएस १.० असतं. ते प्रोग्रॅमच्या सोर्स कोडमध्ये ‘एसएसएलव्हर्जन्स’ला १.२ जोडून परत कंपाइल केल्यावरच बदलतं. डीएलएल कितीही बदलल्या तरी हे सुटणार नाही.

सोर्स नाही, तर मधे स्टनेल नावाचा प्रोग्रॅम बसवा. तुमचा प्रोग्रॅम त्याच्याशी त्याच मशीनवर साधं बोलतो आणि बाहेर सर्व्हरशी टीएलएस स्टनेल बोलतो. स्टनेलच्या कॉन्फिगमध्ये नवा विभाग: क्लायंट ‘यस’, अ‍ॅक्सेप्ट १२७.०.०.१:२५२५, कनेक्ट तुमचा मेल सर्व्हर:४६५. मग सॉफ्टवेअरच्या मेल सेटिंगमध्ये सर्व्हर १२७.०.०.१, पोर्ट २५२५, एसएसएल बंद. पत्ता आणि पोर्ट बदलायची सोय स्क्रीनवर नसेल तर फोल्डरातली .आयएनआय फाईल उघडून बघा, बहुतेक तिथंच असतं.

अ‍ॅक्सेप्टमध्ये १२७.०.०.१ लिहायला विसरू नका. नुसतं २५२५ लिहिलं तर दुकानातल्या वायफायवरचं कुठलंही मशीन त्यातून घुसू शकतं.

कळफलक_नांदेड
भर घालतो. स्टनेल आपल्या ओपनएसएसएलच्या नव्या फाईली स्वतःच्या फोल्डरात घेऊन येतो, त्या तुमच्या प्रोग्रॅमकडं हलवू नका. स्टनेल मूळ सेटिंगमध्ये समोरच्या सर्व्हरचं प्रमाणपत्र तपासत नाही. ‘व्हेरिफायचेन’ यस करा, ‘सीएफाईल’ला त्याच्यासोबत आलेली सीए-सर्ट्स.पेम द्या आणि ‘चेकहोस्ट’ला सर्व्हरचं नाव. सर्व्हिस म्हणून बसवा, नाहीतर लाईट जाऊन आली की दुकानात कुणाला आयकॉनवर क्लिक करायचं लक्षात राहत नाही.

तपासणी चालू केल्यावर प्रमाणपत्र चुकीचं म्हणून नकार आला तर आधी खालच्या कोपऱ्यातली तारीख बघा. मदरबोर्डवरचा सेल (सीआर२०३२) उतरला की लाईट गेल्यावर घड्याळ मागं जातं आणि आजचं प्रमाणपत्र त्याला ‘अजून सुरूच झालं नाही’ असं वाटतं.

मोंढा_लातूर
आयएनआयमध्ये सर्व्हर आणि पोर्ट दोन्ही सापडले. चाचणीचं बिल गेलं. एसएसएल बंद केल्यावर त्या दोन डीएलएल काढल्या तरी चालतंय, बघितलं.

बिटबाइट_परभणी
चालणारच, आता त्यांना कुणी हाक मारत नाही. काढूनच ठेवा.