सारे खापर पावसावर नको

आफ्रिकेतील ग्रामीण दारिद्र्याचे मूळ दुष्काळात आहे, हे मत मला अर्धेच पटते. नायजेरियाचे उदाहरण घ्या. १९६० साली स्वतंत्र झालेला हा देश तेव्हा भुईमुगाच्या निर्यातीत जगात आघाडीवर होता, आणि कानो शहरात पोत्यांवर पोती रचून शेंगदाण्याचे घरांहून उंच पिरॅमिड उभे केले जात. त्या वैभवाच्या काळातही सरकारी खरेदी मंडळ शेतकऱ्याला जागतिक बाजाराहून बराच कमी भाव देई आणि मधला फरक तिजोरीत जाई, ही गोष्ट सहसा सांगितली जात नाही. १९७०च्या दशकात दुष्काळाने आणि रोगाने भुईमूग झोडपला, हे खरेच. पण नेमका तेव्हाच खनिज तेलाचा पैसा वाहू लागल्याने बाहेरचे धान्य आणणे सोपे झाले, आणि मोडलेल्या शेतकऱ्याला सावरण्याची निकड राज्यकर्त्यांना वाटेनाशी झाली. पिरॅमिड गेले ते गेलेच. पुढे २००३ मध्ये मोझांबिकची राजधानी मापुटो येथे आफ्रिकी राष्ट्रप्रमुखांनी अर्थसंकल्पाचा किमान १० टक्के वाटा शेतीला देण्याचे मान्य केले खरे, परंतु बहुतेक देशांनी (नायजेरिया त्यांतलाच) तो शब्द पाळला नाही.