१४ टीमांकडून खेळलेला पिचर, याला यशस्वी म्हणायचं का?

फोंड्याचा_मामा:
नमस्कार मंडळी. माझी बहीण न्यू जर्सीत असते, तिचा मुलगा १३ वर्षांचा, शाळेच्या बेसबॉल टीमकडून पिचिंग करतो, म्हणजे बॅटरला चेंडू टाकतो, आणि सध्या त्याच्या तोंडी एकच नाव, अमेरिकेच्या मोठ्या लीगमध्ये (एमएलबी) खेळलेला पिचर एडविन जॅक्सन. बहीण म्हणते ज्याला १४ टीमांनी घेतला आणि सोडला त्याचा कसला आदर्श ठेवायचा, जिंकलेल्या मॅच १०७ आणि हरलेल्या १३३, म्हणजे हरलाच जास्त. मी इथून पहाटे साडेचारच्या मॅच मोबाईलवर बघतो, थोडंफार कळतं, पण तिला पटेल असं काही सांगता आलं नाही. आपल्याकडे कसं, माणूस एका जागी टिकला की घरच्यांचा जीव भांड्यात पडतो. तर जाणकारांनी सांगा, एवढ्या टीम बदलतात त्या कशा? खेळाडूला कोणी विचारतं तरी का?

सांखळी_लेगस्पिन:
मामा, ट्रेड (टीमांमधली खेळाडूंची अदलाबदल) असेल तर बहुतेक वेळा विचारतच नाहीत. करार आहे तसा उचलून दुसऱ्या टीमकडे जातो, पगार तोच, शहर वेगळं. नाही म्हणायचा हक्क पाहिजे तर मोठ्या लीगमध्ये १० वर्षं आणि त्यातली शेवटची सलग ५ एकाच टीमकडे काढावी लागतात, नाहीतर करारात तसं आधीच लिहून घ्यावं लागतं. आता सतत फिरत्या माणसाला ती सलग ५ वर्षं कुठून मिळणार?

२७ जुलै २०११ चा दिवस बघा. सकाळी हा शिकागो व्हाइट सॉक्सचा होता, मग टोरांटोला ट्रेड झाला आणि टोरांटोने त्याच दिवशी पुढे सेंट लुईस कार्डिनल्सला देऊन टाकला. टोरांटोचा शर्ट अंगावर चढलासुद्धा नाही. त्याच व्यवहारात ऑक्टाव्हियो डॉटेल हा पिचर पण सेंट लुईसला गेला, आणि तीन महिन्यांत दोघंही वर्ल्ड सिरीज, म्हणजे लीगची अंतिम लढत, जिंकलेल्या टीममध्ये होते. हाच डॉटेल पुढच्या वर्षी १३ टीमांचा विक्रम करून बसला आणि मे २०१९ मध्ये तो मोडला जॅक्सननेच, तोही टोरांटोकडून खेळून! मला हा योगायोग फार आवडतो.

रायबंदर_मेधा:
ताईंना सांगा की पिचरच्या नावावरची हार-जीत एकट्याची नसते, आपल्या बॅटर्सनी रन नाही काढले तर हा बिचारा दोन रन देऊन पण हरतो.

आणि २५ जून २०१० ची मॅच भाच्यासोबत बसून बघाच. तेव्हा हा ॲरिझोनाकडे होता, समोर टॅम्पा बे, म्हणजे त्याची जुनी टीम, आणि ग्राउंड पण त्यांचंच. पहिल्या तीन इनिंगमध्ये ७ जणांना वॉक दिले (चार चेंडू बाहेर टाकले की बॅटरला फुकट पहिला बेस मिळतो), तिसऱ्या इनिंगला तिन्ही बेस भरलेले आणि आउट एकही नाही, कुठलाही मॅनेजर अशा वेळी बुलपेनकडे, म्हणजे राखीव पिचरांकडे, बघायला लागतो. तिथून तो एकही रन न देता सुटला, मग टाकत राहिला, टाकतच राहिला, १४९ पिच म्हणजे चेंडू, शेवटपर्यंत एकही हिट नाही, म्हणजे चेंडू मारून कोणी बेसवर पोचलाच नाही, १-० ने जिंकले. नो-हिटर. एवढं करून जुलै संपायच्या आत ॲरिझोनाने त्याला शिकागो व्हाइट सॉक्सला ट्रेड केला. मला तेव्हा खरंच वाईट वाटलं होतं.

पेडणेकर_७९:
मी थोडं बहिणीच्या बाजूने बोलतो, राग मानू नका. ४.७८ चा ईआरए (दर नऊ इनिंगमागे पिचरच्या खात्यावर लागलेले रन) म्हणजे साधारणच, चेंडूला १५० किमीच्या वर वेग पण कंट्रोल कधीच पूर्ण हातात आला नाही. शिकागोच्याच दुसऱ्या टीमने, कब्सने, ४ वर्षांसाठी ५ कोटी २० लाख डॉलर दिले तर २०१३ मध्ये ८ जिंकल्या १८ हरल्या, आणि करार संपायच्या आधीच, २०१५ मध्ये त्यांनी सोडून दिला. हे लपवून आदर्श सांगू नका पोराला.

पण मग १४ जणांनी घेतला का? तर तिथे सीझन १६२ मॅचचा, रोज कोणीतरी माउंडवर, म्हणजे पिचरच्या जागेवर, उभा पाहिजे आणि निम्म्यांचे खांदे-कोपर दुखत असतात. जॅक्सनने २००८ ते २०१३ दर वर्षी ३० च्या वर मॅच सुरू केल्या. हजर राहणं, धडधाकट राहणं, चेंडू झेलणाऱ्या नव्या कॅचरशी दोन दिवसांत जुळवून घेणं, याला किंमत आहे. गोव्याला पण रणजीत बाहेरचे खेळाडू लागतातच की, अर्जुन तेंडुलकर २०२२ ला मुंबईहून आला आणि पर्वरीला पहिल्याच रणजी मॅचमध्ये शतक ठोकलं, तेव्हा आपण कोणी विचारलं का की मुंबईत का नाही राहिला?

आणि तिथवर पोचणंच केवढं अवघड. २००८ मध्ये आपल्या यूपीचे दोन भालाफेकपटू, रिंकू सिंग आणि दिनेश पटेल, पिट्सबर्ग पायरेट्सने करारबद्ध केले होते, मेहनती पोरं, पण मोठ्या लीगमध्ये एकही मॅच मिळाली नाही. जॅक्सन २००३ मध्ये आपल्या विसाव्या वाढदिवशी पहिली मॅच खेळला, समोर दिग्गज पिचर रँडी जॉन्सन, आणि जिंकला!

फोंड्याचा_मामा:
सगळ्यांचे मनापासून आभार. पेडणेकर बाब, तुमचं तर जसंच्या तसं बहिणीला पाठवलं. तिचा फोन आला, आता म्हणते खेळू दे पण १४९ पिच वगैरे याच्या डोक्यात भरवू नका. त्याच्या वयाला किती टाकावेत?

रायबंदर_मेधा:
ताई बरोबर बोलतात, तो आकडा मोठ्या माणसांचा. १३-१४ वयाला तिकडच्या पिच स्मार्ट या मुलांच्या पिचिंगबद्दलच्या सूचनांचा नियम दिवसाला जास्तीत जास्त ९५ पिच, आणि ६६ किंवा जास्त टाकले तर ४ दिवस पूर्ण विश्रांती. शाळा आणि क्लब दोन्हीकडे खेळत असेल तर दोन्हीचे मिळून मोजा, कोच आपापल्या टीमचंच मोजतात. वहीत तारीख घालून रोज लिहून ठेवायला सांगा त्याला.

सांखळी_लेगस्पिन:
आणि मामा, रिच हिल नावाचा पिचर पण दाखवा त्याला. २०१५ मध्ये लाँग आयलंडच्या एका स्वतंत्र (मोठ्या लीगच्या बाहेरच्या) लीगच्या टीमकडून खेळत होता, सगळ्यांना वाटलं संपला, तो नुसत्या कर्व्हबॉलवर, म्हणजे वळणाऱ्या चेंडूवर, परत वर आला आणि जुलै २०२५ मध्ये ४५ व्या वर्षी कॅन्सस सिटीकडून उतरून जॅक्सनच्या १४ टीमांची बरोबरी केली.