सोसायटी ग्रुप : फक्त महत्त्वाच्या सूचना

मराठे मॅडम (सी-२०४): सकाळपासून डक्टमधून कोंबडी शिजल्याचा वास येतोय. आज श्रावणी सोमवार आहे. कोणाचं नाव घेत नाही, पण सी विंगचा डक्ट खालूनच वर येतो एवढंच सांगते.

सेक्रेटरी: मॅडम, डक्टचा विषय सभेत झालेला आहे. कृपया इथे नको.

मराठे मॅडम: सभेत "बघू" एवढंच झालं होतं.

रोहन (सी-१०४): ताई, मीच तो. सॉरी. चार दिवस ताप आहे, तोंडाला चव नाही. सूप करत होतो तर शिट्टीतून सगळं पाणी गॅसवर आलं 😔 कोणी नीट कृती सांगेल का? पाकिटातलं नको, नुसतं कॉर्नफ्लोअर लागतं ते.

देशपांडे काका (बी-२०१): हाडे ओल्या कचऱ्यात उघडी टाकू नयेत. वेगळ्या पिशवीत गाठ मारून द्यावीत. मांजरी पिशव्या फाडतात.

पाटील काकू (ए-३०२): अरे लेकरा, चार दिवस झाले आणि आत्ता सांगतोयस? काय टाकलं होतंस कुकरात?

रोहन: बोनलेस अर्धा किलो, आलं, लसूण. पाणी गळ्यापर्यंत.

पाटील काकू: बोनलेसचं कसलं सूप रे! रस हाडात असतो.

सावंत वहिनी (बी-४०३): आणि कुकर दोन-तृतीयांशाच्या वर भरायचा नसतो. शिट्टीतून येणारच.

डॉक्टर मॅडम (ए-१०१): रोहन, डेंग्यूची तपासणी केलीस का?

रोहन: हो मॅडम, निगेटिव्ह.

डॉक्टर मॅडम: बरं. तरी पॅरासिटामॉलशिवाय दुसरी गोळी मनाने घेऊ नकोस. ताप उतरला नाही तर उद्या दाखवायला ये. सूप जरूर पी, पाणी आणि मीठ दोन्ही पोटात जातं. प्लेटलेट त्याने वाढत नाहीत, तो फॉरवर्ड कृपया कोणी टाकू नका.

कदम (बी-३०४): टाकणारच होतो 🤐

पाटील काकू: रोहन, लिहून घे. मान, पाठ, तंगडी असे हाडांचे तुकडे अर्धा किलो. दुकानदाराकडे पंजे माग, सोलून देतो. हळद, मीठ, आलं-लसणाचं वाटण लावून अर्धा तास ठेव. पातेल्यात चमचाभर तूप, उभा चिरलेला कांदा, दोन लवंगा, चार मिरी, त्यावर तुकडे परत. वर ताट ठेव आणि ताटात पाणी. ते तापलं की आत ओतायचं, ताटात पुन्हा नवं. असं दीड लिटर होईपर्यंत. मसाला नाही, तिखट नाही. ह्याला अळणी म्हणतात. कोल्हापुरात तांबडा-पांढरा दोन्ही ह्याच्यावरच होतात.

सावंत वहिनी: सगळं कोल्हापुरातच सुरू होतं 🙂

पाटील काकू: गणपतीच्या महाप्रसादाला आमटी तिखट झाली होती, ती माझी नव्हती हं. ज्यांची होती त्यांना माहीत आहे.

सेक्रेटरी: कृपया विषयावर बोला.

मराठे मॅडम: विषय डक्ट होता.

निखिल (सी-५०१): काकू, एक सांगू? आम्हाला हॉटेल मॅनेजमेंटला उलटं शिकवलं. कच्ची हाडं गार पाण्यात टाकायची, मंद आचेवर हळूहळू तापवायची. वर करडा फेस येतो तो पळीने काढायचा. ती घाण नसते, गोठलेलं प्रोटीन असतं. खळखळ उकळलं की फेस आणि चरबी पाण्यात मिसळते आणि सूप गढूळ होतं.

पाटील काकू: गढूळ होऊ दे की. त्याला पोटात घालायचंय, आरशासारखं तोंड बघायचंय का त्यात?

निखिल: 😂 परतल्याने चव खोल येते हे मान्य. पण मीठ आधी नका घालू, आटत आटत खारट होतं.

पाटील काकू: बत्तीस वर्षं आधीच घालतेय.

देशपांडे काका: हाडे ओल्या कचऱ्यात उघडी टाकू नयेत. वेगळ्या पिशवीत गाठ मारून द्यावीत.

कदम: काका, अजून हाडं भांड्यातच आहेत.

रोहन: किती वेळ ठेवायचं? आणि गावरान आणू की साधी?

निखिल: ब्रॉयलर सहा आठवड्यांचा पक्षी, पाऊण तासात सगळं सोडतो. गावरान असेल तर पातेल्यात दीड तास धर. गार झाल्यावर फ्रीजमध्ये थरथरीत जेलीसारखं झालं तर समज जमलं, हाडातलं कोलॅजन उतरलं. वरची चरबी चमच्याने उचलता येते.

पाटील काकू: पंजे त्यासाठीच सांगितले होते.

कदम: कडकनाथ आण रे. २०१८ मध्ये झाबुआच्या कडकनाथला जीआय, म्हणजे भौगोलिक मानांकन, मिळालंय.

सावंत वहिनी: तुम्ही पैसे द्या, तो आणेल.

डॉक्टर मॅडम: कोंबडी नळाखाली धुऊ नकोस, सिंकभर जंतू उडतात.

पाटील काकू: न धुता??

डॉक्टर मॅडम: काकू, शिजताना मरतात सगळे. धुवायचीच असेल तर भांड्यात, हलक्या हाताने.

जोशी आजी (ए-२०२): बाळा मुगाचं कढण पी. जिरं तूप सुंठ. मांस पचायला जड.

कदम: आजी, चरकसंहितेत अशक्त माणसाला मांसरस सांगितलाय!

मराठे मॅडम: श्रावणात डक्टमधून सोडा असं चरकांनी सांगितलेलं नाही.

सावंत वहिनी: 😂😂

डॉक्टर मॅडम: गंमत सांगते. अमेरिकेत नेब्रास्का विद्यापीठातल्या डॉ. रेनार्ड यांनी बायकोच्या आजीच्या कृतीचं चिकन सूप प्रयोगशाळेत तपासलं. २००० साली निबंध छापून आला. सुपाने पांढऱ्या पेशींची धावपळ मंदावली, म्हणजे सर्दीची सूज कमी होत असावी. पण ते सगळं काचेच्या भांड्यात, माणसांवर नाही.

पाटील काकू: म्हणजे सूप आजेसासूचं आणि नाव नातजावयाचं.

कदम: काकू 🙏🙏

देशपांडे काका: हाडे ओल्या कचऱ्यात उघडी टाकू नयेत.

सेक्रेटरी: काका, तीन वेळा आलं. नोंद घेतली आहे.

देशपांडे काका: नोंद गेल्या वर्षीही घेतली होती.

रोहन: खरं सांगू का, आता उभं राहवत नाहीये. उद्या करतो.

पाटील काकू: उद्या कशाला? मी मघाशीच पातेलं चढवलं. वॉचमनकडे डबा देते. उरलं तर दोन तासांच्या आत फ्रीजमध्ये ठेव, पिताना पुन्हा उकळून घे.

मराठे मॅडम: म्हणजे आता ए विंगमधूनही.

पाटील काकू: आमच्या डक्टला पंखा आहे. आम्ही वर्गणी काढून बसवला.

मराठे मॅडम: सी विंगची वर्गणी अडली कोणामुळे, हे मी बोलत नाही. १०४, मऊ भात ठेवलाय, तूप-मीठ घालून. मुलगा आणून देईल. डब्याला डबा लावू नकोस, माझा वेगळा ठेव.

रोहन: थँक्यू ताई 🙏

सेक्रेटरी: डक्टच्या पंख्याची तीन कोटेशन्स मागवतो. सी विंगने आपापसात ठरवावे.

निखिल: ५०१ तयार.

मराठे मॅडम: २०४ पहिल्यापासून तयार होती.

रोहन: काकू, डबा मिळाला. अर्धा संपला पण. नाक मोकळं झालं!

पाटील काकू: मीठ बरोबर आहे ना? निखिललाही सांग.

निखिल: 😶

पाटील काकू: आणि डबा रिकामा परत करायचा नसतो हं, आपल्यात पद्धत आहे.

रोहन: घरात फक्त ओआरएसची पाकिटं आहेत, चालतील?