पुडीवाल्याला तुरुंग कशासाठी?

तारीख_पे_तारीख
पुण्यात फौजदारी वकिली करतो, मोफत विधी सेवेची (गरिबांना वकील देण्याची) कामंही घेतो. परवा पार्सलं पोचवणाऱ्या एका चोवीस वर्षांच्या पोराचं काम आलं. खिशात 40 ग्रॅम गांजा. एनडीपीएस म्हणजे अमली पदार्थविरोधी कायद्यात 1 किलोपर्यंत गांजा ‘अल्प प्रमाण’ धरतात, म्हणजे हा त्याचा पंचविसावा हिस्सा. शिक्षा फार तर एक वर्ष. पण या कायद्यातले सगळेच गुन्हे अजामीनपात्र, असं मुंबई उच्च न्यायालयाने 2020 मध्ये सांगितलंय. जामीन दुसऱ्या दिवशी मंजूर झाला, तरी पोरगा अकरा दिवस आत. जामीनदार मिळेना! मामाकडे रेशनकार्ड आहे, पगाराची स्लिप नाही. स्लिपवाला शेजारी फोन उचलत नाही. बाहेर आला तेव्हा नोकरी गेलेली.

उलट 2023 मध्ये एमडीच्या (मेफेड्रोन या रासायनिक नशेच्या) गुन्ह्यातला बडा आरोपी ससून रुग्णालयाच्या कैदी वॉर्डात महिनोन्‌महिने मुक्कामाला होता आणि 2 ऑक्टोबरला तिथूनच पळाला.

स्वतःपुरती पुडी असेल तर अटकच नको. दंड करा, उपचाराला पाठवा.

माजी_हवालदार
वकीलसाहेब, पुडीवाला उचलला नाही तर वरचा कळणार कसा? कारखान्याच्या दारावर पाटी नसते. 2024 ला कुरकुंभ एमआयडीसीतला एमडीचा कारखाना सापडला, तो पुण्यातल्या एका अटकेपासून माग काढत काढतच.

आणि कोर्टात तुम्ही ज्यांच्यावर तुटून पडता ते पंच, म्हणजे झडतीचे साक्षीदार! रात्री दीडला झडतीला उभं कोण राहतं? चहावाला. मग उलटतपासात तुम्हीच विचारणार, ‘मागच्या तीन पंचनाम्यांवरही तुमचीच सही कशी?’

तारीख_पे_तारीख
काका, चहावाल्याचं कबूल, मी स्वतः विचारलंय. पण कुरकुंभचं उदाहरण तुमच्यावरच उलटतं. एमडीचं अल्प प्रमाण 2 ग्रॅम, व्यावसायिक, म्हणजे धंद्याचं मानलं जाणारं, 50 ग्रॅम. तिथे पहिल्यांदा हाती लागलेला माल या पन्नासाच्या कितीतरी वर होता. तो विक्रेता होता, त्याला सोडा असं कोण म्हणतंय? आणि पुडीवाल्याने कोठडीत घेतलेलं नाव एकट्याच्या बळावर कोर्टात उभं राहत नाही. सुप्रीम कोर्टाच्या तूफान सिंह निकालानंतर (2020) एनसीबीपुढचा, म्हणजे केंद्राच्या अमली पदार्थविरोधी यंत्रणेपुढचा, कबुलीजबाबही पुरावा म्हणून चालत नाही.

पोर्टलँडकर
इथे अमेरिकेत, ऑरेगॉन राज्यात, वकीलसाहेबांचीच कल्पना राबवून झालीय. फेब्रुवारी 2021 पासून थोडा माल सापडला तर फक्त 100 डॉलरची पावती. हेल्पलाइनला फोन केला की तीही माफ. फोन करणारे अगदी थोडे. फेंटानिल या जहाल नशेची लाटही तेव्हाच आली, त्यामुळे सगळा दोष कायद्यावर टाकणार नाही. पण ऑफिसला जाताना फुटपाथवर वाकून पडलेली माणसं मी रोज ओलांडली आहेत. सप्टेंबर 2024 पासून पुन्हा गुन्हा झाला. पोर्तुगालने 2001 मध्ये हेच केलं, पण तिथे पकडलेल्या माणसाला आयोगापुढे जाऊन बसावं लागतं. नुसती पावती फाडून भागत नाही.

नळावरची_काकू
मी शिकलेली नाही फार. माझा मुलगा एमडी घेतो. आमच्या चाळीतले पितळी नळ एकेक करून गेले, आता सगळे प्लास्टिकचे आहेत. कोणी मला तोंडावर बोललं नाही, पण नळ बदलायची वर्गणी माझ्याकडे कोणी मागितली नाही, यातच काय ते कळलं. शेवटी मीच चौकीत जाऊन त्याला पकडा म्हणाले. आत होता ते सव्वा महिना पोटभर जेवला आणि मी रात्री झोपले. तुम्ही म्हणता अटक नको. मग मी कुणाकडे जाऊ?

तारीख_पे_तारीख
काकू, याच एनडीपीएस कायद्यात कलम 64अ आहे. व्यसनी माणसाकडे अल्प प्रमाण सापडलं आणि तो सरकारमान्य केंद्रात उपचाराला तयार झाला, तर उपचार पूर्ण केल्यावर खटला चालत नाही. अर्धवट सोडला तर सवलत जाऊ शकते. अर्ज मी करून देतो, पैसे नकोत.

माजी_हवालदार
तीस वर्षांच्या नोकरीत असा अर्ज मी एकदाच पाहिला.

नळावरची_काकू
मंगळवारी तारीख आहे त्याची. अर्जावर सही माझी चालेल का?

तारीख_पे_तारीख
नाही काकू. त्याचीच लागते, आणि स्वखुशीने.

नळावरची_काकू
मग मी तेच तर सांगतेय. बाहेर असताना तो साध्या कुरियरच्या पावतीवरसुद्धा सही करत नाही.