गोलकीपर प्रशिक्षक होऊ शकतो का? विलर्ड इकोलांचं उदाहरण

काही जण म्हणतात की आइस हॉकीतल्या गोलकीपरला फक्त पक (बर्फावर सरकणारी रबरी चकती) अडवणं कळतं, संघ घडवणं नाही. अजिबात पटलं नाही. अमेरिकेच्या मिनेसोटा राज्यातल्या एव्हलेथचे विलर्ड इकोला घ्या. मिशिगन विद्यापीठाचे गोलकीपर, १९५२ आणि १९५३ ची एनसीएए (अमेरिकेतली महाविद्यालयीन स्पर्धा) विजेतेपदं, १९५६ च्या कोर्टिना ऑलिम्पिकमध्ये रौप्य. पुढे ईडायना हायस्कूलमध्ये ३३ हंगाम प्रशिक्षक: ८ राज्य विजेतेपदं, ६१६ विजय!

अख्खी रिंक (बर्फाचं मैदान) समोर दिसते ती गोलकीपरलाच. कोणता बचावपटू जागा सोडतोय, हे त्याला सगळ्यांत आधी कळतं.

हीच नजर शिकवतानाही कामी येते. शाळेच्या पोरांना कोन, म्हणजे पकसमोर कुठे उभं राहून गोल झाकायचा, हे शिकवायचं तर गोलच्या दोन्ही खांबांना एकेक दोरी बांधा आणि दोन्हींची टोकं पकपाशी आणा. गोल ६ फूट रुंद, ४ फूट उंच. कीपर गोलरेषेवरच थांबला तर दोन्हीकडे मोकळी जागा उरते, चार-पाच फूट पुढे सरकला की दोऱ्या अंगाला लागतात, म्हणजे गोल झाकला गेला. त्याहून पुढे गेला तर आडव्या पासवर मागे फिरायला वेळ मिळत नाही. नवशिके हमखास चुकतात ते घाईने गुडघे टेकण्यात. वरचे कोपरे तिथेच उघडे पडतात.