कोव्हॅक्सला सहावी फेक मिळालीच नसती तर?

फक्कीची रेघ (धागा सुरू करणारा):
मोठ्या स्पर्धांत गोळाफेकीच्या अंतिम फेरीचा नियम २०२४ पर्यंत सरळ होता. बारा जण उतरायचे. तीन-तीन फेकी झाल्या की पहिले आठ उरायचे, त्यांना आणखी तीन मिळायच्या. सगळ्यांत लांबची फेक धरायची, बस. २०२१ मध्ये डायमंड लीगने (दरवर्षी होणारी अ‍ॅथलेटिक्स स्पर्धांची मालिका) यात 'फायनल थ्री' आणलं. पाच फेकींनंतर फक्त पहिल्या तिघांना सहावी फेक, आणि जिंकणार कोण हे त्या एकाच फेकीवर. आधी कितीही लांब टाकलेलं असो, पहिल्या नंबरासाठी ते पुसलं जायचं. जागतिक स्पर्धेत असलं काही कधीच येऊ नये, असं माझं ठाम मत आहे.

का, ते दोहाच्या २०१९ च्या जागतिक स्पर्धेत दिसलं. न्यूझीलंडच्या टॉम वॉल्शने पहिल्याच फेकीत २२.९० मीटर टाकले. वर्नर गुंथोरचा २२.२३ चा स्पर्धाविक्रम १९८७ पासून टिकून होता, तो एका झटक्यात गेला. पाच फेऱ्यांनंतर वॉल्श पहिला, रायन क्राउझर दुसरा, ब्राझीलचा डार्लन रोमानी २२.५३ वर तिसरा. अमेरिकेचा जो कोव्हॅक्स चौथा, म्हणजे पदकाच्या बाहेर. सहाव्या फेकीत कोव्हॅक्सने २२.९१ टाकले. मग क्राउझर आला, २२.९०. शेवटी वॉल्श, फाउल. सोनं कोव्हॅक्सला, एका सेंटिमीटरने.

'फायनल थ्री' असतं तर कोव्हॅक्स तेव्हा ट्रॅकसूट चढवून बाकावर बसलेला असता.

सुपर ओव्हर:
दादा, दोहाची स्पर्धा मीही रात्री जागून पाहिली, अंगावर काटा आला होता. पण असं किती वर्षांतून एकदा घडतं? एरवी गोळाफेक टीव्हीवर दिसते कुठे? शंभर मीटरच्या प्राथमिक फेऱ्या पूर्ण दाखवतात आणि गोळ्याची एखादी फेक मध्येच घुसवतात, तीही रेकॉर्डेड. शेवटी तिघेच उरले, एका फेकीवर निकाल लागणार, असं असलं की कॅमेरा हलत नाही. क्रिकेटमध्ये सुपर ओव्हरला आपण नाकं मुरडतो का? दडपणाखाली एक फेक काढणं हेही कौशल्यच आहे.

फक्कीची रेघ:
सुपर ओव्हर सामना बरोबरीत सुटल्यावर होते हो. पन्नास धावांनी जिंकलेल्या संघाला कुणी "या, आता एक षटक खेळा, त्यावर ठरवू" म्हणत नाही. वॉल्शची ती एक फेक सोडली तर बाकी पाचही फाउल होत्या. तुमच्या नियमात त्याची २२.९० ची फेक पहिल्या नंबरासाठी शून्य. हे पटतं तुम्हाला?

सुपर ओव्हर:
नाही पटत. आधीच्या फेकी पुसणं चूकच होतं. मग असं करा, सर्वोत्तम अंतर धरा, पण सहावी फेक तिघांनाच द्या. यात कुणावर अन्याय?

फक्कीची रेघ:
कोव्हॅक्सवर! तो चौथा होता ना.

वर्तुळाबाहेर:
माझा प्रश्न वेगळा आहे. क्राउझर आणि वॉल्श दोघांचे २२.९०. रौप्य मात्र क्राउझरला, कारण त्याची दुसरी सर्वोत्तम फेक २२.७१ होती. टोकियो ऑलिंपिकमध्ये उंच उडीत कतारचा बार्शिम आणि इटलीचा तांबेरी यांनी सुवर्ण वाटून घेतलं, जगाने टाळ्या वाजवल्या. गोळाफेकीत सेंटिमीटरच्या खालचं मोजतच नाहीत, अपूर्णांक सोडून देतात. मग एवढ्या अंतरावर दोघांना रौप्य द्यायला काय हरकत होती?

पीटीचे सर:
हरकत आहे. उंच उडीत त्या दोघांचं उडी आणि चुका धरून सगळं सारखं होतं, पुढे फक्त जम्प-ऑफ, म्हणजे बरोबरी फोडायची जादा उडी, उरली होती. इथे मोजायला दुसरी फेक होती.

मी पंचवीस वर्षं शाळेत पोरांना गोळा शिकवतोय. तालुका स्पर्धेत वेळ नाही म्हणून तीन फेकींत उरकतात. पहिली फेक अंग मोकळं करण्यात जाते, दुसरीत पोरगं बोर्डाच्या पुढे पाय टाकतं, लाल बावटा. तिसरीला ते इतकं घाबरतं की गोळा मानेपासून सुटतो आणि हात नुसता चेंडू फेकल्यासारखा फिरतो. चौथी फेक असती तर, असं दर वर्षी वाटतं. वर्तुळाचा व्यास २.१३५ मीटर. तेवढ्या जागेत गिरकी घेऊन ७.२६ किलोचा गोळा सोडायचा, पाय टाचेएवढा चुकला तरी गेला. कोव्हॅक्स गिरकीवाला. गिरकी जुळायला फेकी लागतात. सहा म्हणजे चैन नाही.

आटपाडीची लेक:
गोळाफेक कुणी बघत नाही असा जो सूर इथे आहे, तो मला खटकला. आमच्या तालुक्यातल्या करगणीचे सचिन खिलारी पॅरिस पॅरालिम्पिकमध्ये एफ-४६ (एका हाताला व्यंग असलेल्यांच्या) गटात उतरले तेव्हा आमच्या घरी जेवणाची ताटं तशीच राहिली होती. ४ सप्टेंबर २०२४. त्यांनी १६.३२ टाकून रौप्य घेतलं, कॅनडाचा ग्रेग स्टुअर्ट १६.३८, क्रोएशियाचा लुका बाकोविच १६.२७. तिघे अकरा सेंटिमीटरच्या आत! खिलारींची ती फेक दुसरी होती, पण सहावी होईपर्यंत आई जागची हलली नाही. माणूस कोण आणि त्याला किती हवं आहे हे कळलं की लोक बघतात. ते सांगणारा समालोचक द्या, नियम कापू नका.

सुपर ओव्हर:
ताई, खिलारी आपले म्हणून तुम्ही पाहिलंत. तजिंदरपालसिंग तूरने हांगझोऊ आशियाई स्पर्धेत शेवटच्या फेकीत २०.३६ टाकून सुवर्ण नेलं, तेव्हा मीही ओरडलो. तो त्या वेळी दुसरा होता, म्हणजे माझ्या नियमातही ती फेक त्याला मिळालीच असती. परका खेळाडू असला की मात्र प्रेक्षक उठून जातो. मी अजून तिघांवरच आहे.

फक्कीची रेघ:
राहा. मी आठांवर आहे.

पीटीचे सर:
यंदा आमच्या केंद्रस्तरावर पहिल्या आठ पोरांना सहा फेकी द्यायच्या ठरवल्यात. टेप धरायला दोन माणसं कमी पडतायत. जवळपासचं कुणी येणार असेल तर सांगा, सकाळी सातला मैदान आखायचं आहे.