मदत हवी आहे: लॅब वस्तू उचलून पळतो, सोडतच नाही

नमस्कार मंडळी, आमच्याकडे नऊ महिन्यांचा काळा लॅब्रेडॉर आहे, तसा गुणी आहे, बस-थांब येतं, शी-शू बाहेरच करतो. पण घरात खाली जे दिसेल ते तोंडात धरून पळतो, मोजे, पायपुसणं, बाबांची चष्म्याची केस, आणि मागे गेलं की त्याला वाटतं पकडापकडी सुरू झाली. बॉलचंही तेच, हातभर अंतरापर्यंत आणतो आणि तिथून परत धूम. व्हिडिओ बघून खाऊ दाखवून वस्तू सोडवायला लागलो तर साहेब आता खाऊ हवा असला की मुद्दाम समोर येऊन मोजा उचलून दाखवतात! टेन्शन याचं की हल्ली जवळ गेलं की घाईघाईत गिळायलाच बघतो. परवा तोंडात आंब्याची कोय होती, आई जबडा उघडायला गेली तर पहिल्यांदाच गुरगुरला. सोसायटीतले काका म्हणतात चोक चेन (ओढली की गळा आवळणारी साखळी) घाला, नाकावर फटका द्या. मला नाही पटत. काय करू?

प्रतिसाद १:
मारू अजिबात नका. शिकारीत पाडलेला पक्षी अलगद धरून आणायला ही जात घडवलीये, उचलणं काही सुटायचं नाही, आणून देण्यात फायदा आहे एवढं त्याला पटवायचं. चोरी झाल्यावरच खाऊ निघतो, गडबड तिथे आहे. एरवी त्याच्याच खेळण्यावर 'सोड' शिकवा, सोडलं की चिकनचा तुकडा आणि खेळणं परत त्यालाच, हे परत देणं लोक विसरतात आणि मग कुत्रा म्हणतो सोडलं की गेलंच. बॉल खेळताना त्याला लांब दोरी बांधा, सारखे दोन बॉल घ्या, पहिला घेऊन आला की दुसरा उडवत तुम्ही उलटे पळा.

प्रतिसाद २:
गुरगुरला म्हणून ओरडू नका, ती वॉर्निंग आहे, दाबलीत तर उद्या न सांगता चावेल. कोय तोंडात असताना हात घालायचा नाही, मूठभर चिकन लांब जमिनीवर पसरा, तो तिकडे गेला की उचला. गिळलीच तर आतड्यात अडकू शकते, लगेच व्हेटला फोन. उलटीसाठी मिठाचं पाणी पाजू नका, त्यानेच जिवावर बेततं.

धागाकर्ता:
खेळणं परत द्यायचं डोक्यातच आलं नव्हतं, आजपासून सुरू. पण खाऊ नाही दिला आणि मोजा फाडून खाल्ला तर?

प्रतिसाद १:
म्हणून तर मोजे खाली ठेवायचेच नाहीत. लॅबच्या घरात कपड्यांची टोपली झाकणाचीच हवी, आणि झाकणही घट्ट.